निम्म्या वाट्याची कादंबरी : प्रकल्प नोंदी

८ जून

शेवटी सुरुवात झाली एकदाची. शेअर्ड डॉक उघडलाय, आम्ही तिघं आहोत, भाषांतर मी करणार, मराठी ताई तपासणार (माझी चुलत बहीण, कॉलेजात मराठी शिकवते आणि लाल रंगात कमेंटी टाकते) आणि इटालियन आमचा एक मित्र बघणार जो सहा वर्षं तोरीनोला (ट्युरिन) काढून परत आलाय. पुस्तक चेझारे पावेझेचं ‘ला लूना ए इ फालो’ (चंद्र आणि मोकळ्यावर पेटवलेले मोठे जाळ). १९५० चं, बत्तीस प्रकरणं, सगळी छोटी छोटी, त्यामुळे मला वाटलं होतं चार महिन्यांत होईल, आता पहिलं पान उघडल्यावर वाटतंय की नाही होणार.

हक्कांचं आधी बघून घेतलं कारण मागच्या वेळी एका पुस्तकात चार महिने घातले आणि मग कळलं की परवानगी मिळणार नाही, ते परत नको. पावेझे २७ ऑगस्ट १९५० ला गेला. आपल्याकडे लेखक गेल्यापासून ६० वर्षं धरतात म्हणजे २०१० अखेर हक्क संपले, इटलीत ७० म्हणजे २०२० अखेर तिकडेही मोकळं. १९५० च्या एप्रिलमध्ये पुस्तक बाजारात आलं, जूनमध्ये त्याच्या आधीच्या पुस्तकाला स्त्रेगा हा तिकडचा मोठा साहित्य पुरस्कार मिळाला आणि ऑगस्टमध्ये त्याने तोरीनोतल्या एका हॉटेलात आत्महत्या केली. पुस्तकाबद्दल लिहिणारे सगळे इथूनच सुरू करतात, मी हे एकदाच लिहून ठेवते आणि सोडून देते.

१२ जून

ताईने पुस्तक वाचलेलं नाही म्हणून तिच्यासाठी गोष्ट थोडक्यात, इथेच राहू दे.

उत्तर इटलीत पिएमोंते, त्यात लांगे नावाच्या टेकड्या, सगळीकडे द्राक्षं आणि हेझलनट. बेल्बो नदीच्या खोऱ्यात एक गाव. गोष्ट सांगणारा माणूस टोपणनावाने ओळखला जातो, आंग्विल्ला, म्हणजे ईल मासा, आपल्याकडे वाम म्हणतात तसा. सापडलेलं पोर. आलेस्सांद्रियाच्या इस्पितळातून एका गरीब घराने त्याला आणलं, कारण असं पोर सांभाळलं की महिन्याला एक चांदीचं नाणं मिळायचं. माया नंतरची, आधी नाणं. हे घर गामिनेल्ला नावाच्या टेकडीवर, एक खोपटं आणि थोडा द्राक्षमळा. मग गारपीट होते, घर विकावं लागतं, आणि हा तेरा वर्षांचा असताना खालच्या मोठ्या शेतावर, ला मोरावर, गडी म्हणून राहतो. पुढे अमेरिकेला पळतो, कॅलिफोर्नियात पैसे कमावतो, युद्ध संपल्यावर परत येतो. परत आलाय तर बहुतेक माणसं मेलेली, आणि गामिनेल्लावर आता वालीनो नावाचा माणूस निम्म्या वाट्याने शेत करतोय. त्याचं एक लंगडं पोरगं आहे, चिंतो. आणि सगळ्यात जवळचा जुना मित्र नुतो, सुतार, पूर्वी बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवायचा.

बाकी काय होतं ते वाचताना कळेल. (ताईची कमेंट: “शेवट सांगून टाक, मला शेवट माहीत नसेल तर झोप लागत नाही.” सांगितला. आता तिला शेवटामुळे झोप लागत नाहीये.)

१५ जून

पहिलं प्रकरण. माणूस परत येतो, गामिनेल्लाच्या घरासमोर उभा राहतो, आणि हेझलची झाडं नाहीयेत. तोडलीत, तिथे आता मक्याची धसकटं. घर बदललेलं असेल, माणसं नसतील, हे त्याने धरलेलं होतं, पण झाडं नसतील असं त्याच्या डोक्यातच आलं नव्हतं, आणि तेवढ्यावरून त्याला समजतं की सगळं संपलंय. दोन वाक्यांत संपवलंय त्याने हे, मला भाषांतरात पाच लागली, मग तीनवर आणलं.

मग ते ‘पाएझे’ प्रकरण. इटालियनमध्ये गाव पण पाएझे आणि देश पण पाएझे. पहिल्याच प्रकरणात ते प्रसिद्ध वाक्य आहे की माणसाला गाव लागतंच, निदान ते सोडून जाण्याचा आनंद मिळावा म्हणून तरी. मित्र म्हणतो तिकडे हे वाक्य पोस्टरवर, वाईनच्या बाटलीवर, लग्नपत्रिकेवर सगळीकडे दिसतं. मराठीत ‘गाव’ इतका आपसूक बसला की मला उगाच संशय आला. “गावाला चाललो”, “गाव कुठलं तुमचं”, हे सगळं त्या एका शब्दात आपोआप येतं. पण मग लक्षात आलं की हे वाक्य बोलतोय कोण, तर ज्याला गावच नाही तो. आल्बाच्या कॅथीड्रलच्या पायऱ्यांवर सोडलेलं पोर. त्याला कोणी “गाव कुठलं” विचारलं तर त्याच्याकडे उत्तर नाही. पत्रिकेवर छापणाऱ्यांनी पुढची चार पानं वाचली असतील असं वाटत नाही.

ठरलं: गाव. पुढे जाऊ.

२४ जून

आज मुद्दाम फालोचं प्रकरण घेतलं, कारण आज सान जोव्हान्नी, संत जॉनचा सण. आदल्या रात्री तिकडे टेकड्याटेकड्यांवर जाळ करायचे, एका टेकडीवरून दुसरीवरचा दिसायचा. आंग्विल्ला अमेरिकेतून आलेला शहाणा, त्याला वाटतं हा पोराटोरांचा खेळ. नुतो म्हणतो की नाही, ज्या शेताच्या कडेला जाळ केला तिथलं पीक जास्त जोमदार येतं, जाळामुळे माती जागी होते. हा हसतो, म्हणतो मग चंद्रावर पण विश्वास ठेवायचा का. नुतो म्हणतो चंद्रावर तर ठेवावाच लागतो, पौर्णिमेला पाइन तोडून बघ, किडे खातात, कलमं चंद्राच्या पहिल्या दिवसांत केली नाहीत तर धरत नाहीत.

इथे मला मामांची आठवण झाली (मामा निफाड तालुक्यात, द्राक्षबागायतदार). फोन लावला. बांबू अंधाऱ्या पंधरवड्यातच तोडायचा, नाहीतर कीड लागते, हे त्यांनी एका दमात सांगितलं. कलमाचं विचारलं तर हसले. “कलम आम्ही चंद्र बघून नाही करत बाई, कलमवाला कधी मोकळा आहे ते बघून करतो.”

नुतो अंधश्रद्ध नाही हे मराठीत नीट यायला हवं, तो गावातला सगळ्यात डोळस माणूस आहे, डाव्या विचारांचा. त्याचं म्हणणं असं की जी नुकसान करते तीच अंधश्रद्धा, आणि चंद्राच्या नावाखाली शेतकऱ्याला लुटणारा कोणी असेल तर खरा अडाणी तो. हे मला फार पटलं.

आता शब्द. फालो म्हणजे काय लिहू? ताई म्हणते होळी. मी म्हणते होळी म्हटलं की एरंडाची फांदी, पुरणपोळी, बोंबा, सगळं गाव येऊन बसतं पानावर. शेकोटी फार छोटी, ती हात शेकायला. वणवा आपोआप लागतो, हा लावलेला आहे. मला सगळ्यात जवळचा वाटला तो कोकणातला राब. भाताच्या रोपांच्या जागेवर पालापाचोळा, शेण, कवळं पसरून जाळतात, की रोपं जोमाने यावीत म्हणून. माती जागी करायला लावलेला जाळ म्हणजे शब्दशः नुतो म्हणतो तेच! पण राब जमिनीवर पसरलेला असतो, धुमसतो, तो समोरच्या टेकडीवरून दिसत नाही. आणि तो सण नाही, काम आहे.

ताईचा मुद्दा मात्र डोक्यातून जात नाही. ती म्हणाली, “घराची होळी झाली असं आपण म्हणतो ना, मग पुढे जे जळणार आहे त्यालाही तोच शब्द चालेल.” कादंबरीत खरंच तीन जाळ आहेत, सणाचा, वालीनोचा आणि शेवटचा, आणि पावेझेला एकच शब्द तिन्ही ठिकाणी हवाय. तूर्त ‘जाळ’. पिवळा रंग लावून ठेवलाय.

३ जुलै

पाऊस, लाईट नाही, ऑफिसचं रिलीज. दीड पान.

११ जुलै

जमिनीच्या मापात अडकले. तिकडच्या शेतकऱ्यांचं जुनं माप ‘जोर्नाता’, म्हणजे दिवस. बैलजोडी एका दिवसात नांगरेल तेवढी जमीन. पिएमोंतेची जोर्नाता ३८१० चौरस मीटर, मी हिशोब केला तर साधारण साडेसदतीस गुंठे येतात, एकराला अडीच गुंठे कमी. मित्र म्हणाला मग सरळ एकर लिही. लिहिता येईल, पण एकर हे तलाठ्याचं माप आहे, जोर्नाता बैलाच्या दमाचं. ताईने ‘औत’ सुचवला, दोन औतांची शेती म्हणायचे तसं, पण औताची जमीन दिवसाची नसते, हंगामाची असते. शेवटी ‘दिवसाची नांगरट’ असं लिहायचं ठरवलं, “सहा दिवसांच्या नांगरटीची जमीन”. वाचताना थोडं अडखळायला होतं, होऊ दे.

दुसरा एक शब्द मात्र आयता मिळाला. तिकडच्या द्राक्षमळ्यांत ‘व्हेर्देरामे’ फवारतात, तांब्याचं हिरवट निळं औषध, भिंतींवर कपड्यांवर त्याचे डाग. ते आपलं मोरचूद! मामांना विचारलं तर म्हणे, “बोर्डो म्हण ना सरळ, मोरचूद आणि चुना.” पण मी मोरचूदच ठेवलं. शब्दातच रंग आहे.

२० जुलै

मेझ्झाद्रिया. सगळी कादंबरी ह्या एका शब्दावर उभी आहे आणि मी तीन आठवडे तो टाळत होते.

पद्धत अशी. जमीन मालकाची, घर मालकाचं, कष्ट कुळाचे, म्हणजे एकट्या माणसाचे नाही, सगळ्या कुटुंबाचे, करारात बायको पोरं म्हातारी सगळी धरलेली. पीक निम्मं निम्मं. शेकडो वर्षं चाललं हे, तोस्काना उम्ब्रियात तर फारच. युद्धानंतर शेतकऱ्यांनी जोर लावल्यावर पंतप्रधान दे गास्पेरींनी निवाडा दिला आणि कुळाचा वाटा ५० वरून ५३ टक्के झाला, ह्या तीन टक्क्यांसाठी केवढी आंदोलनं झाली होती. मग १९६४ साली कायदा आला की नवीन मेझ्झाद्रियाचे करार करायचेच नाहीत. तोवर माणसंच शेत सोडून चालली होती. १९५१ च्या जनगणनेत इटलीतले सुमारे ४२ टक्के कामकरी शेतीत होते, १९७१ मध्ये १७ च्या आसपास. वीस वर्षांत. म्हणजे पावेझे १९४९ च्या शरद ऋतूत जे लिहीत होता ते लिहून होईपर्यंत हलायला लागलेलं होतं.

मामांना फोन. “निम्म्या वाट्याने म्हण, नाहीतर निमबटाई म्हण खानदेशासारखं, अर्धलीने पण म्हणतात.” मग त्यांनी अर्धा तास शब्द दिले, मी नुसती टाईप करत होते. वाटेकरी. उचल. वाटणी. खर्च वजा जाता. वही. सालगडी. सालगड्याचं साल गुढीपाडव्याला सुरू होतं आणि पाडव्यालाच संपतं हे मला माहीत होतं, पण तिकडे त्या टेकड्यांत हाच दिवस ११ नोव्हेंबर, सान मार्तीनो. करार त्या दिवशी संपायचे, ज्याला ठेवलं नाही तो गाडीवर भांडीकुंडी, कोंबड्या, म्हातारी असं सगळं चढवून निघायचा, इतकं की इटालियनमध्ये ‘सान मार्तीनो करणं’ म्हणजे बिऱ्हाड हलवणं. हे मी मामांना सांगितलं तर ते थोडा वेळ गप्प बसले आणि म्हणाले, “आमच्याकडे पण पाडव्याला बैलगाड्या दिसायच्या अशा.”

फार श्रीमंत दिवस गेला. यादीत ६३ शब्द.

४ ऑगस्ट

जरा पावेझेबद्दल, कारण मित्राशी भांडण झालं.

पावेझे शेतकरी नव्हता. ९ सप्टेंबर १९०८ ला सांतो स्तेफानो बेल्बोला जन्मला खरा, पण ते घर कुटुंबाचं सुट्टीतलं, वडील तोरीनोला कोर्टात नोकरीला. सगळं आयुष्य तोरीनोत गेलं, एइनाउदी प्रकाशनात संपादक, त्याने ‘मॉबी डिक’ इटालियनमध्ये आणलं, व्हिटमनवर प्रबंध लिहिला, फॅसिस्टांनी १९३५ ला कलाब्रियात ब्रांकालेओनेला स्थानबद्ध केलं. अमेरिकेला तो कधी गेला नाही, कॅलिफोर्निया सगळा पुस्तकांतून आणि सिनेमातून. गावाची माहिती त्याला दिली ती पिनोलो स्काल्योने ह्या सुताराने, बालमित्र, नुतो त्याच्यावरूनच घेतलाय. पत्रं लिहून विचारायचा त्याला, म्हणजे आज मी मामांना फोन लावते तसंच काहीसं, हे आठवून जरा बरं वाटलं.

मित्राचं म्हणणं असं की मग हे शहरी माणसाचं गावाचं स्वप्न आहे, हरवलेल्या खेड्याबद्दलची हळहळ. माझं म्हणणं की बिलकुल नाही. हळहळ आंग्विल्लाला वाटते आणि ती त्याला परवडते कारण खिशात पैसे आहेत, तो हॉटेलात उतरलाय. त्याला वालीनोच्या मळ्यातल्या चुलीचा वास हवाहवासा वाटतो. पण त्याच पानावर वालीनोचे हात आहेत, आणि बायकांना पट्ट्याने मारणं आहे, आणि पोराचा वाळलेला पाय आहे. पुस्तकाच्या पाठीवर ‘हरवत्या ग्रामीण जीवनाचं हळवं चित्र’ असलं काही लिहिलंत तर मी नाव काढून घेईन असं मी सांगून टाकलंय.

माझी एक तक्रारही लिहून ठेवते. वालीनोच्या घरातल्या बायका, मेव्हणी रोझीना आणि म्हातारी, ह्यांना पावेझेने जवळजवळ तोंडच दिलेलं नाही. ओरडतात फक्त. ला मोराच्या तीन मुलींना दिलंय, त्या मालकाच्या म्हणून की काय.

१८ ऑगस्ट

चौदा प्रकरणं कच्ची झाली. मित्राला म्हटलं आता तिथे काय आहे ते सांग, मला डोळ्यासमोर यायला हवं.

आता तिथे वाईन आहे. कानेल्ली आणि आसपास मोस्कातो, आल्बाच्या बाजूला बारोलो, बार्बारेस्को, आणि २०१४ पासून लांगे, रोएरो आणि मोनफेर्रातोचा द्राक्षमळ्यांचा प्रदेश युनेस्कोच्या यादीत. ज्या उतारावर माणसं गारपिटीने देशोधडीला लागली तिथे आता लोक विमानाने जेवायला येतात. काही गावं तगली त्याचं एक कारण त्याने सांगितलं ते मला माहीत नव्हतं. आल्बात १९४६ साली फेर्रेरो चॉकलेटचा कारखाना निघाला, आणि त्यांनी टेकड्यांवरच्या गावांतून कामगारांसाठी बस सुरू केल्या. माणूस दिवसा कारखान्यात, संध्याकाळी आपल्या मळ्यात. तोरीनोला फियाटमध्ये गेलेला परत येत नसे, बसने गेलेला रात्री जेवायला घरी. आणि ते हेझलनट शेवटी चॉकलेटात गेले! द्राक्षतोडणीला आता कानेल्लीत नॉर्थ मॅसेडोनियातून आलेली माणसं असतात.

त्याने आणखी एक नाव दिलं, नुतो रेव्हेल्ली. कादंबरीतला नुतो वेगळा, आणि हा कादंबरीकार नाही, कुनेओचा, आधी सैन्यात मग पार्टिझान (फॅसिस्टांविरुद्ध लढणारा बंडखोर). सत्तरच्या दशकात टेपरेकॉर्डर घेऊन गावोगाव म्हाताऱ्या शेतकऱ्यांकडे बसला आणि ते सगळं १९७७ मध्ये छापलं, नावाचा अर्थ ‘हरलेल्यांचं जग’. नंतर बायकांचं वेगळं पुस्तक. त्यात ही गोष्ट येते की टेकड्यांवरच्या मुली कारखान्यातला नवरा हवा म्हणून शेतकऱ्याशी लग्न करीनात, तेव्हा ‘बाचाले’ म्हणजे लग्न जमवणारा मध्यस्थ थेट दक्षिणेतून, कलाब्रियातून नवऱ्या आणायचा. दोघांना एकमेकांची बोली कळायची नाही.

मामींना सांगितलं फोनवर. त्या म्हणाल्या आमच्या गल्लीत तिशी ओलांडलेले अकरा आहेत, तुझा तो बाचाले असेल तर नंबर दे.

७ सप्टेंबर

वालीनोचं प्रकरण. हे मी सगळ्यात आधी डोक्यात पक्कं केलं होतं आणि हेच पडलं.

घडतं ते असं. मळ्याची मालकीण, मादामा म्हणतात तिला, मुलाला घेऊन येते, शेंगा आणि बटाट्यांचा वाटा न्यायला. म्हणते बटाट्याचे दोन तास (म्हणजे सऱ्या) आधीच कोणीतरी काढलेत, ते भरून द्या. रोझीना ओरडते, वालीनो शिव्या देतो, मादामा म्हातारीकडून वदवून घ्यायला घरात शिरते, तोवर मुलगा टोपल्यांवर नजर ठेवतो. वजन होतं, माल गाडीवर चढतो, त्या जातात. त्या संध्याकाळी वालीनो बायकांना मारायला लागतो आणि थांबत नाही. घर पेटवतो. पोरावरही धावतो, पोरगं आंग्विल्लाने दिलेला चाकू उघडून उभं राहतं म्हणून वाचतं. वालीनो मग मळ्यात जाऊन फास लावून घेतो.

पावेझे हे सगळं अगदी कोरडं सांगतो. माझा ड्राफ्टही कोरडाच होता, आणि शब्द तर सगळे पक्के, मामांच्या यादीतले. ताईची कमेंट सकाळी आली, एकच: “हे मादामा सांगतेय का? मला सारखं वाटतंय हिशोब बरोबर होता आणि ह्या माणसाचं डोकं फिरलं.”

दिवसभर राग आला. संध्याकाळी यादी उघडून बसले. वाटेकरी, उचल, खर्च वजा जाता, वाटणी. माझ्या त्रेसष्ट शब्दांतला एकही वालीनोच्या तोंडचा नाही. सगळे वहीतले आहेत. आणि वही कोणाच्या हातात असते.

मामांची दोन एकर कांद्याची जमीन वाट्याने दिलेली आहे हे मला लहानपणापासून माहीत आहे. इतकं माहीत आहे की तीन महिने वाट्यावर शब्द गोळा करताना ते एकदाही आठवलं नाही.

१३ ऑक्टोबर

निफाड. बागेत गोडी छाटणी चाललीय, पेठ सुरगाण्याकडून आलेल्या टोळ्या उक्त्याने छाटतायत, कात्र्यांचा आवाज सकाळी सातपासून. मामा खुश नाहीत, गेल्या साली पावसाने मणी तडकले, बँकेचं आहे डोक्यावर. हे मुद्दाम लिहितेय. मामा मादामा नाहीत. मला शाळेची फी त्यांनी भरलीय दोन वर्षं.

दुपारी कांद्याच्या चाळीकडे गेले. वाट्याचं कुटुंब तिथेच पत्र्याच्या खोलीत राहतं, मूळ पेठकडचं. बाई चाळीतला शेवटचा उन्हाळ कांदा निवडत बसली होती, चांगला एकीकडे, गोल्टी (बारीक कांदा) एकीकडे, सडका फेकून. मी पण बसले निवडायला. काय विचारायचं तेच कळेना, तुमचे शब्द द्या असं थोडंच म्हणणार. म्हटलं एक गोष्ट आहे परदेशातली, त्यातल्या माणसाचं पण असंच निम्म्याने आहे. मग सांगितली वालीनोची गोष्ट, आग लावतो तिथपर्यंत नाही, बटाट्याच्या दोन तासांपर्यंतच.

ती निवडता निवडता ऐकत होती. म्हणाली, “मोजून न्यायला आली म्हणा की.”

मी म्हटलं हो, वाटणी करायला.

“वाटणी भावाभावात असती.” मग बराच वेळ काही बोलली नाही. दाराआड एक गोणी होती गोल्टीची, अर्धी भरलेली. माझी नजर गेलेली तिला दिसली. “ती घरात खायाची हाय. ती बी निम्मी धरायची का, इचारा मामांना.”

मी म्हटलं नाही नाही, खायची ती खायची. कोण मी ठरवणारी. पण तिने ते बरोबर विचारलं होतं, कारण मी त्या घरची आहे आणि माझी नजर गोणीवर गेली होती. मादामाच्या मुलाची टोपल्यांवर जाते तशी.

मामांना मी गोणीबद्दल काही विचारलं नाही. विचारलं असतं तर ते म्हणाले असते खाऊ दे की, आणि मग ती गोष्ट त्यांच्या परवानगीची झाली असती. हे बरोबर केलं की भित्रेपणा केला, माहीत नाही.

२० ऑक्टोबर

वालीनोचं प्रकरण पुन्हा, पहिल्यापासून. मामांची यादी बंद ठेवली. ‘वाटणी करायला आली’ काढलं. ‘मादामा पोराला घेऊन मोजून न्यायला आली.’ एवढंच बदललं आणि पुढची सगळी वाक्यं आपोआप हलली, कारण मोजून न्यायला आलेलं माणूस घरात शिरतं तेव्हा ते शिरणं वेगळं दिसतं. ‘वाटेकरी’ पण काढलं, वालीनो स्वतःला ते म्हणणार नाही. तो फक्त ‘हे रान केलंय’ म्हणेल. मादामा बोलते तिथे मात्र वहीचे सगळे शब्द ठेवले, तिला ते शोभतात.

मित्र म्हणाला मूळ इटालियनमध्ये क्रियापद वाटण्याचंच आहे, तू अर्थ ढकलतेयस. बरोबर आहे त्याचं. पण इटालियन वाचकाला १९५० साली तो शब्द ऐकून काय दिसत होतं ते मराठी वाचकाला ‘वाटणी’ने दिसत नाही, त्याला काकांशी चाललेली कोर्टकेस दिसते. भांडलो. ताईने माझ्या बाजूने मत दिलं, दोनास एक.

ज्या बाईने शब्द दिला तिचं नाव ऋणनिर्देशात टाकावं का, ताई टाक म्हणते. तिला विचारल्याशिवाय नाही.

११ नोव्हेंबर

आज सान मार्तीनो. पावेझेने पुस्तक ९ नोव्हेंबर १९४९ ला संपवलं होतं, सप्टेंबरच्या मध्यावर सुरू करून, दोन महिन्यांच्या आत. आमचे पाच महिने झाले आणि एकवीस प्रकरणं.

शेवटचं प्रकरण मात्र उडी मारून करून पाहिलं, कारण जाळाचा शब्द त्याच्यावर ठरणार. ला मोराची धाकटी सांता, दोन्ही बाजूंना बातम्या देत होती म्हणून पार्टिझान तिला गोळ्या घालतात, आणि मग प्रेतावर द्राक्षाच्या छाटणीच्या काड्या रचून पेट्रोल ओतून जाळतात. दुपारपर्यंत राख. नुतो हे सांगतो आंग्विल्लाला, आणि म्हणतो गेल्या वर्षीपर्यंत तिथे खूण होती, जाळ केलेल्या जागेसारखी.

इथे नवीनच अडचण. निफाडला द्राक्षाच्या छाटलेल्या फांद्यांना काड्याच म्हणतात, दुसरा शब्द नाही. पण पुण्यामुंबईचा वाचक ‘काड्या रचून पेटवलं’ वाचेल तर त्याला काडेपेटीतल्या काड्या दिसणार. सरपण लिहिलं तर चूल दिसते. ‘छाटणीच्या काड्या’ लिहून पाहिलं, ताई म्हणते लांबतंय, तिथे श्वास थांबायला हवा. ‘वेलीच्या काड्या’? मामांना विचारलं तर म्हणाले वेल कोणी म्हणत नाही, झाड म्हणतात. द्राक्षाचं झाड. मला हे तीस वर्षांत माहीत नव्हतं.

एकवीस प्रकरणांत सगळीकडे मी वेल लिहिलंय. उद्यापासून शोधा आणि बदला, पण हाताने, एकेक बघून, कारण ला मोराच्या अंगणात फुलांचे खरे वेलही आहेत.